एरणचा गुरुवार शोधणारा मास्तर: शंकर बाळकृष्ण दीक्षित

चौदाशे वर्षांपूर्वीच्या एखाद्या तिथीला कोणता वार होता हे कुणी कागद-पेन्सिल घेऊन बरोबर सांगितलं, तर आपण त्याला काय म्हणू? गोष्टींच्या पुस्तकात असा माणूस काळाचा जादूगार म्हणून येतो. त्याच्याकडे एक काठी असते, वाळूचं घड्याळ असतं, आणि तो मागच्या काळात जाऊन परत येतो. मराठीत असा एक माणूस खरोखर होऊन गेला. त्याच्याकडे काठी नव्हती. पंचांग होतं, कोष्टकं होती आणि शाळेतल्या नोकरीतून उरलेल्या रात्री होत्या. शंकर बाळकृष्ण दीक्षित हे त्यांचं नाव. जन्म १८५३, मृत्यू १८९८. पुरती पंचेचाळीस वर्षंही त्यांना मिळाली नाहीत.

नाव ऐकलेलं नसेल तर वाईट वाटून घेऊ नका. मराठी साहित्याच्या अभ्यासक्रमात ते सहसा येत नाहीत, कारण त्यांनी कविता, कादंबरी, नाटक यांतलं काही लिहिलं नाही. इतिहासाच्या वर्गात गुप्तकाळ शिकवतात, पण त्या काळाच्या तारखा पक्क्या करणाऱ्यांत एक मराठी मास्तर होता हे तिथे कुणी सांगत नाही. आणि आपण भोपाळकरांनी तर त्यांना विसरणं बरोबरच नाही, कारण त्यांच्या सगळ्यात सुंदर हिशोबांपैकी एक आपल्या शेजारच्या सागर जिल्ह्यातला आहे. त्याबद्दल पुढे सांगतेच.

दीक्षितांचं गाव मुरुड, रत्नागिरी जिल्ह्यात दापोलीजवळ, समुद्राच्या काठावर. महर्षी धोंडो केशव कर्व्यांमुळे हे गाव पुष्कळांना माहीत आहे; दीक्षित त्यांच्यापेक्षा पाचेक वर्षांनी मोठे. घरची परंपरा संस्कृत आणि वेदपठणाची. गावात मराठी शाळा, थोडंफार इंग्रजी दापोलीला, मग पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात शिक्षकाचं शिक्षण. १८७४ मध्ये ते मॅट्रिक झाले. विद्यापीठाची पदवी त्यांनी कधी घेतली नाही. पुढचं सगळं आयुष्य शाळाखात्यात गेलं: ठाणे, बार्शी, धुळे आणि शेवटी पुन्हा पुण्याचं तेच ट्रेनिंग कॉलेज, आता शिक्षक म्हणून. बदली झाली की बिऱ्हाड उचलायचं, नव्या गावात पुन्हा पुस्तकं मांडायची. कुठली वेधशाळा नाही, विद्यापीठाचं ग्रंथालय नाही. काय पाहिजे ते पत्रं लिहून मागवायचं, जुन्या जोशांच्या घरच्या पोथ्या पाहायच्या, उतरून घ्यायच्या.

मुलांसाठीही त्यांनी लिहिलं. त्यांचं ज्योतिर्विलास हे पुस्तक आकाश बघायला शिकवतं, आणि त्याचं दुसरं नाव आहे रात्रीची दोन घटका मौज. मला हे नाव फार आवडतं. इतका अवघड विषय, आणि मास्तर म्हणतात की मौज आहे, या. त्यात भविष्य नाही, कुंडली नाही. साध्या डोळ्यांनी ग्रह-तारे कसे ओळखायचे आणि त्यांच्या मागचं शास्त्र काय, एवढंच आहे.

आता त्यांच्या काळातला मुख्य तंटा समजून घेऊ. पंचांग म्हणजे पाच अंगं: तिथी, वार, नक्षत्र, योग, करण. त्यातला वार सोपा, सात दिवसांनी फिरून येतो. तिथी मात्र हट्टी. चंद्र सूर्याच्या बारा अंश पुढे गेला की एक तिथी संपते. चंद्राचा वेग कमीजास्त होतो, म्हणून एखादी तिथी वीस तासांत उरकते तर एखादी जवळजवळ सत्तावीस तास रेंगाळते. म्हणूनच कॅलेंडरवर कधी एक तिथी गायब होते आणि कधी दोन दिवस तीच असते. बारा चांद्रमासांचं वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान, त्यामुळे मधूनमधून अधिक महिना घालावा लागतो. या सगळ्यासाठी महाराष्ट्रातले जोशी गणेश दैवज्ञांचा ग्रहलाघव हा ग्रंथ वापरत. तो १५२० च्या सुमाराचा. गणित सोपं करणारा सुरेख ग्रंथ, पण साडेतीनशे वर्षांत त्यातल्या बारीक चुका साठत गेल्या. पंचांगात लिहिलेली ग्रहणाची वेळ एक, आणि आकाशात ग्रहण दुसऱ्याच वेळी, असं व्हायला लागलं.

केरो लक्ष्मण छत्रे, म्हणजे केरूनाना, यांनी १८६५ मध्ये यावर उपाय काढला. युरोपातल्या नव्या वेधांवर आधारलेलं पटवर्धनी पंचांग त्यांनी सुरू केलं. गणित अचूक झालं, पण नक्षत्रचक्राचा आरंभ त्यांनी रेवतीच्या एका विशिष्ट ताऱ्यापासून धरला, त्यामुळे जुन्या पंचांगाशी संक्रांतीत तीन-चार दिवसांचा फरक पडू लागला आणि कधीकधी अधिक महिनाही वेगळा येऊ लागला. म्हणजे एकाच गल्लीत एका घरी आज संक्रांत आणि शेजारी चार दिवसांनी. तुम्ही म्हणाल, त्यात काय एवढं? पण ज्या समाजाचं लग्न, उपास, श्राद्ध, यात्रा सगळं पंचांगावर चालतं, तिथे हा फरक घर तोडणारा ठरू शकतो.

दीक्षितांनी या भांडणात तिसरी बाजू घेतली, आणि ती दोघांहूनही धाडसी होती. त्यांचं म्हणणं सायन पंचांगाचं. सायन म्हणजे काय ते सोप्या भाषेत सांगते. पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा हळूहळू डोलतो. त्यामुळे वसंतसंपात, म्हणजे मार्चमध्ये दिवस-रात्र समान होतात तो बिंदू, ताऱ्यांच्या संदर्भात साधारण ७२ वर्षांत एक अंश मागे सरकतो. ताऱ्यांना धरून वर्ष मोजलं तर ते निरयन; ऋतूंना धरून मोजलं तर सायन. दोन्हींत वर्षाला वीस मिनिटांच्या आसपास फरक. वीस मिनिटं म्हणजे चहाची सुट्टी. पण शतकांमागून शतकं गेली की त्या सुट्टीचे दिवस होतात, दिवसांचे आठवडे.

मकरसंक्रांत हेच उदाहरण घ्या. सूर्य खरोखर उत्तरेकडे वळतो तो २२ डिसेंबरच्या सुमाराला. आपण तिळगूळ वाटतो १४ किंवा १५ जानेवारीला. स्वामी विवेकानंदांचा जन्म मकरसंक्रांतीचा आणि तारीख १२ जानेवारी १८६३. म्हणजे दीडशे-पावणेदोनशे वर्षांच्या आत संक्रांत दोन-तीन दिवस पुढे सरकलेली आपल्याला दिसते. असंच चालू राहिलं तर काही हजार वर्षांनी चैत्रपाडव्याला पावसाळा असेल. दीक्षित म्हणत की वेदांतले महिने ऋतूंना बांधलेले आहेत. मधु आणि माधव हे वसंताचे महिने. ते वसंतातच राहिले पाहिजेत. म्हणजे सुधारणा त्यांनी विलायतेतून आणलेली नव्हती, आपल्याच जुन्या ग्रंथांतून काढलेली होती. ग्वाल्हेरचे विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक हे त्यांचे सोबती. तिघांच्या खटपटीतून शके १८०६ पासून, म्हणजे १८८४ पासून, सायन पंचांग निघू लागलं.

आपल्या मासिकाच्या कॅथलिक वाचकांना इथे काहीतरी ओळखीचं वाटेल. आपल्या चर्चचंही अगदी हेच झालं होतं. ईस्टर म्हणजे वसंतसंपातानंतरच्या पौर्णिमेनंतरचा रविवार. म्हणजे ईस्टर ठरवायलाही सूर्य, चंद्र आणि वार तिघांना एकत्र बसवावं लागतं, हुबेहूब पंचांगासारखं. ज्यूलियन वर्ष खऱ्या वर्षापेक्षा अकरा मिनिटांनी मोठं होतं, आणि सोळाव्या शतकापर्यंत वसंतसंपात २१ मार्चवरून ११ मार्चपर्यंत घसरला. मग पोप तेरावे ग्रेगरी यांनी १५८२ मध्ये दहा दिवस काढून टाकले: ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर. आव्हिलाची संत तेरेसा नेमकी त्याच रात्री वारली, म्हणून तिचा सण आपण १५ ऑक्टोबरला करतो. त्या सुधारणेचं गणित समजावून तिची बाजू मांडणारा क्लाव्हियस हा जेझुइट धर्मगुरू होता.

पण फरक बघा. क्लाव्हियसच्या मागे पोपचं फर्मान होतं, आणि तरीही इंग्लंडला ते मान्य करायला १७५२ उजाडलं. दीक्षितांच्या मागे कोण? शाळाखात्याचा पगार आणि दोन मित्र. हिंदू धर्मात एका सहीनं सगळ्यांचं पंचांग बदलेल असं पद नाही. त्यांना प्रत्येक घर, प्रत्येक जोशी, प्रत्येक पीठ पटवायला हवं होतं. ते शक्य नव्हतं. पुढे लोकमान्य टिळकांच्या पुढाकारानं पंचांगशुद्धीच्या परिषदा झाल्या तेव्हाही कौल निरयन पद्धतीकडेच गेला. म्हणजे दीक्षितांचा सर्वात आवडता मुद्दा त्यांच्याच लोकांनी नाकारला. हे आधीच सांगून ठेवते, कारण त्यांचं आयुष्य म्हणजे नुसती यशाची गोष्ट नाही.

आता एरणकडे वळू. बीना नदीच्या काठी, सागर जिल्ह्यात, एरण नावाचं छोटं गाव आहे. तिथे एक उंच दगडी खांब उभा आहे, वर गरुड. तो विष्णूचा ध्वजस्तंभ मातृविष्णू आणि धन्यविष्णू या दोघा भावांनी उभारला. खांबावरचा लेख सांगतो की तेव्हा बुधगुप्त राजा होता, आणि यमुना ते नर्मदा यांच्या मधला प्रदेश त्याचा मांडलिक सुरश्मिचंद्र सांभाळत होता. म्हणजे आज जिथे आपलं गोविंदपुरा आहे, भेलची टाउनशिप आहे, तो मुलूखही त्यात आला. लेखात काळही दिला आहे: वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, आणि वार देवांच्या गुरूचा, म्हणजे गुरुवार.

प्रश्न असा की १६५ कुठल्या शकाचं? गुप्त राजांनी स्वतःचा शक चालवला होता, पण तो कधी सुरू झाला यावर एकोणिसाव्या शतकात जोराचे वाद होते. कोणी म्हणे तो शालिवाहन शकच, म्हणजे इसवी सन ७८ पासून. अलेक्झांडर कनिंगहॅमसारखा मोठा संशोधक तो १६६-६७ पासून धरत होता. अल्बेरूनीनं लिहून ठेवलं होतं की गुप्तांचा शक शालिवाहन शकानंतर २४१ वर्षांनी, म्हणजे ३१९-२० मध्ये सुरू झाला. पण अल्बेरूनीवर भरवसा ठेवायचा का, हाच वाद होता. फरक थोडाथोडका नव्हता, दोन-अडीचशे वर्षांचा होता. समुद्रगुप्त, चंद्रगुप्त, सांचीचे आणि उदयगिरीचे गुप्तकालीन लेख, सगळं त्या एका आकड्यावर लटकलेलं.

जॉन फेथफुल फ्लीट हा मुंबई इलाख्यातला इंग्रज अधिकारी तेव्हा सगळे गुप्त शिलालेख एकत्र करून छापत होता. मंदसोरला त्याला मिळालेल्या लेखानं अल्बेरूनीच्या बाजूनं मोठा पुरावा दिला होता. पण तिथी-वारांचा हिशोब कोण करणार? ते काम त्यानं दीक्षितांकडे दिलं.

हिशोब कसा चालतो याची चव घेऊ. १६५ मध्ये २४१ मिळवा, शके ४०६. त्यात ७८ मिळवा, इसवी सन ४८४. त्या वर्षी आषाढ शुद्ध द्वादशी कोणत्या दिवशी आली ते सूर्य-चंद्राच्या गतीवरून काढलं, तर उत्तर येतं २१ जून ४८४. आता वार. आपले जुने ज्योतिषी कलियुगाच्या आरंभापासून दिवस मोजत. तो दिवस ख्रिस्तपूर्व ३१०२ मधला १८ फेब्रुवारी, शुक्रवार. तिथपासून २१ जून ४८४ पर्यंत १३ लाख ९ हजार ५४५ दिवस जातात. सातानं भागा. बाकी सहा. शुक्रवारपासून सहा दिवस पुढे मोजा: शनि, रवि, सोम, मंगळ, बुध, गुरू. गुरुवार!

ही भागाकाराची शेवटची पायरी कुणीही मोबाईलवर करून बघू शकतो, मी तीनदा करून बघितली. अवघड भाग त्याच्या आधीचा आहे: ती द्वादशी नेमकी कोणत्या दिवशी पडली हे ठरवणं, तेही कॅल्क्युलेटरशिवाय. आणि दीक्षितांना हेही ठाऊक होतं की एक वार जुळला म्हणजे सिद्ध झालं असं नव्हे. सात वारांपैकी एक नुसत्या योगायोगानंही जुळू शकतो. म्हणून आणखी लेख तपासायचे. खोहचे, म्हणजे आजच्या सतना जिल्ह्याच्या भागातले, परिव्राजक राजांचे ताम्रपट होते. त्यांत गुप्त वर्षांबरोबर महावैशाख, महाआश्वयुज अशी संवत्सरांची नावं येतात. ही नावं गुरू ग्रहाच्या बारा वर्षांच्या फेऱ्याची, पण ती कोणत्या नियमानं पडतात ते नीट उलगडत नव्हतं. दीक्षितांनी दाखवलं की गुरू सूर्याच्या तेजात लपून पुन्हा पहाटे दिसू लागतो, तो उदय ज्या नक्षत्रात होतो त्यावरून ही नावं ठरतात. तो नियम लावला आणि ताम्रपट ३१९-२० च्या आरंभाशी जुळले. वार एकीकडून, गुरू ग्रह दुसरीकडून. १८८८ मध्ये फ्लीटचा ग्रंथ निघाला आणि त्यात या मराठी मास्तरांचे हिशोब आले.

ज्या राजवटीला सगळे सुवर्णयुग म्हणतात, तिचं घड्याळ लावण्यात बदलीच्या गावोगाव फिरणाऱ्या एका शाळाशिक्षकाचा हात होता. कुठल्याही जादूपेक्षा मला हे मोठं वाटतं, कारण जादूगार आपलं रहस्य लपवतो आणि दीक्षित प्रत्येक पायरी उघडी करून दाखवतात. चूक सापडली तर दाखवा, असं जणू प्रत्येक पानावर आमंत्रण आहे.

त्याच सुमारास त्यांचा मुख्य ग्रंथ लिहून होत आला होता. दक्षिणा प्राइज कमिटीनं पंचांगांच्या इतिहासावर पुस्तक मागवलं होतं, आणि दीक्षितांनी त्याला उत्तर म्हणून अख्ख्या भारतीय ज्योतिषाचा इतिहास लिहिला. बक्षीस मिळालं, पण छापून यायला १८९६ उजाडलं. भारतीय ज्योतिषशास्त्र हे त्याचं नाव. पहिल्या भागात वेद आणि वेदांग काळ, दुसऱ्यात सिद्धांतकाळापासून त्यांच्या स्वतःच्या दिवसांपर्यंत. आर्यभट, वराहमिहिर, ब्रह्मगुप्त, भास्कराचार्य तर आहेतच, पण ज्यांची नावंही आपण ऐकली नाहीत असे कितीतरी ग्रंथकार, त्यांचे शक, त्यांच्या गणितातले गुणदोष आहेत. आपल्या माणसांचं कौतुक करताना ते हात आखडत नाहीत, आणि चूक दिसली की लपवतही नाहीत.

त्याच १८९६ साली लंडनहून द इंडियन कॅलेंडर निघालं. लेखक दोन: मद्रास इलाख्यातले निवृत्त अधिकारी रॉबर्ट स्यूएल आणि शंकर बाळकृष्ण दीक्षित. सन ३०० ते १९०० मधली हिंदू किंवा हिजरी तारीख इसवी तारखेत कशी बदलायची, याची कोष्टकं त्यात आहेत. शिलालेख वाचणाऱ्यांच्या टेबलावर ते पुस्तक पुढची कित्येक दशकं राहिलं.

आणखी एक हिशोब सांगायलाच हवा, कारण त्याबद्दल आजही वाद आहे. शतपथ ब्राह्मणात कृत्तिका नक्षत्राबद्दल असं येतं की ते पूर्व दिशेपासून ढळत नाही. दीक्षितांनी विचार केला, हे खरं कधी असेल? आज कृत्तिका पूर्वेला उगवत नाहीत. नोव्हेंबरच्या संध्याकाळी गच्चीवर जाऊन पाहा. आपल्या भोपाळहून त्या पूर्वेपासून चांगल्या पंचवीसेक अंश उत्तरेकडे उगवतात आणि मध्यरात्री जवळजवळ डोक्यावर येतात. पृथ्वीच्या त्या डोलण्याचा हिशोब मागे नेला की ख्रिस्तपूर्व ३००० च्या आसपास त्या नेमक्या पूर्वेला उगवत होत्या. म्हणून ते वर्णन त्या काळातलं, असं त्यांनी मांडलं. पुष्कळ पाश्चात्त्य विद्वानांनी ते मानलं नाही. वर्णन इतकं काटेकोर धरू नये, किंवा जुनी आठवण पुढच्या ग्रंथात टिकली असेल, असे आक्षेप आले. मला वाटतं गणितात चूक नाही. प्रश्न आहे तो एका जुन्या वाक्यावर किती भार टाकायचा याचा. आणि हा साहित्याच्या विद्यार्थ्यांचा प्रश्न आहे, फक्त ज्योतिषांचा नाही. शब्द अक्षरशः घ्यायचा की नाही, यावर आपण बायबलच्या वर्गातही भांडतोच की.

दोन मोठी पुस्तकं प्रसिद्ध झाली आणि दोनच वर्षांनी, एप्रिल १८९८ मध्ये, दीक्षित पुण्यात वारले.

त्यांच्यामागे काय राहिलं? भारतीय ज्योतिषशास्त्राचं हिंदी भाषांतर शिवनाथ झारखंडी यांनी केलं आणि ते उत्तर प्रदेश सरकारनं छापलं. इंग्रजी भाषांतर केलं उज्जैनच्या माधव कॉलेजात गणित शिकवणाऱ्या र. वि. वैद्य यांनी, आणि ते भारत सरकारनं काढलं. त्याचा पहिला भाग १९६९ चा. हेच वैद्य सरकारच्या पंचांग सुधारणा समितीचे सभासद होते. १९५२ मध्ये नेमलेल्या त्या समितीचे अध्यक्ष मेघनाद साहा. समितीनं राष्ट्रीय दिनदर्शिका सुचवली ती सायन, म्हणजे ऋतूंना धरलेली. १ चैत्र १८७९, म्हणजे २२ मार्च १९५७ पासून ती लागू झाली. गोविंदपुऱ्यातल्या कुठल्याही सरकारी ऑफिसात राजपत्र पाहा, इसवी तारखेबरोबर शक तारीख दिसेल. ज्या मुद्द्यावर तीन मराठी माणसांनी सत्तर वर्षं आधी खटपट केली, तोच मुद्दा स्वतंत्र देशानं कागदावर स्वीकारला.

पण कागदावरच. सणवारांसाठी समितीलाही निरयन गणितच ठेवावं लागलं. आमच्या भागातल्या घरांत भिंतीवर काय असतं? मराठी घरात कालनिर्णय, शेजारी जबलपूरचं लाला रामस्वरूप, आमच्यासारख्यांकडे त्याच्याच बाजूला पॅरिशचं कॅलेंडर. राष्ट्रीय चैत्र कुणी साजरा करत नाही. तिळगूळ १४ जानेवारीलाच. मग दीक्षित हरले का?

मी यावर बराच विचार केला. एक बाजू अशी की सण हा लोकांनी मिळून केलेला करार असतो. सगळ्यांनी एका दिवशी उपास सोडला, एका दिवशी रंग खेळला, यातच त्याचा अर्थ. तो आकाशाशी तंतोतंत जुळतो की नाही हे दुय्यम. आपलंही तसंच आहे. नाताळ २५ डिसेंबरला करताना येशूच्या जन्माची तारीख सिद्ध झाली आहे का असं कोणी विचारत नाही. दुसरी बाजू अशी की कराराच्या नावाखाली चूक चालवत राहिलं तर एक दिवस शब्द आणि वस्तू यांचा संबंधच तुटतो. वसंताच्या महिन्यात वसंत नसेल, तर वसंत या शब्दाला काय अर्थ उरला? दीक्षित दुसऱ्या बाजूचे होते, पण त्यांनी पहिल्या बाजूच्या लोकांना मूर्ख ठरवलं नाही. त्यांचीच पंचांगं, त्यांचेच ग्रंथ, त्यांचाच इतिहास त्यांनी आयुष्यभर वाचला आणि जपला. ज्यांच्याशी मतभेद आहे त्यांचाच इतिहास इतक्या प्रेमानं लिहायचा, हे आजच्या दिवसांत फारसं दिसत नाही.

आणि एक गोष्ट भाषेची. त्यांना इंग्रजी येत होतं, इंग्रजी नियतकालिकांत त्यांचे लेख छापले जात होते. तरी आयुष्यातलं सर्वात मोठं पुस्तक त्यांनी मराठीत लिहिलं. मराठी येणाऱ्यांनाच ते मुळातून वाचता आलं, म्हणून जगानं ते उशिरा वाचलं, हा तोटा खरा. पण मराठी जोशाला, मराठी मास्तराला, मुरुडच्या किंवा बार्शीच्या मुलाला ते पहिल्या दिवसापासून वाचता आलं. आपण भोपाळमध्ये घरी मराठी, रस्त्यावर हिंदी, वर्गात इंग्रजी बोलतो. आणि गंभीर काही लिहायचं झालं की आपोआप इंग्रजीकडे वळतो, जणू मराठी फक्त आजीशी बोलायला आहे. तेराशे हजार दिवसांचा हिशोब मराठीत मांडता येतो हे एका माणसानं करून दाखवलंय.

गोविंदपुऱ्यात करून बघण्यासारखं एक काम सुचवते. आपण कर्कवृत्ताच्या अगदी जवळ, किंचित दक्षिणेला राहतो; सांचीच्या रस्त्यावर सलामतपूरजवळ ती रेषा आडवी जाते. त्यामुळे २१ जूनच्या साधारण आठवडाभर आधी आणि आठवडाभर नंतर, असे दोन दिवस भर दुपारी आपली सावली पायाखाली नाहीशी होते. फक्त घड्याळाचे बारा बघू नका. आपल्याकडे सूर्याची दुपार घड्याळाच्या वीसेक मिनिटं मागून येते, कारण देशाची वेळ आपल्या पूर्वेच्या रेखांशावरून ठरते. गच्चीवर एक सरळ काठी उभी करा, कागद ठेवा, दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकावर खूण करा. ढग नसतील तर त्या आठवड्यात रोज करा आणि तारखा लिहून ठेवा. साहित्य मंडळातलं कुणी यायला तयार असेल तर पुढच्या हिवाळ्यात एरणलाही जाऊन येऊ. बीना स्टेशनपासून फार लांब नाही, आणि खांब अजून उभा आहे.